पाच हजार चाळीस घरांचं नगर

श्रोतेहो, नमस्कार. हाताशी कागद-पेन्सिल असेल तर एक आकडा लिहून घ्या: 5040. त्याला दोननं भागा, तीननं भागा, चारनं, पाचनं, असं करत दहापर्यंत जा. बाकी एकदाही उरत नाही. अकराला अडतं, बाराला पुन्हा नीट भाग जातो. मी आयुष्यभर शाळेत गणित शिकवलं आणि विभाज्यतेचा धडा आला की फळ्यावर हाच आकडा लिहायचो. तो एका नगराचा आकडा आहे, हे मला फार उशिरा समजलं.

ते नगर प्रत्यक्षात कधी वसलं नाही. ग्रीक तत्त्वज्ञ प्लेटोनं उतारवयात ते कल्पनेत उभं केलं. क्रीट बेटावर तीन म्हातारे उन्हाळ्याच्या दिवशी क्नोसोसहून झ्यूस देवाच्या गुहेकडे पायी निघालेत. वाट लांबची, मध्येच सावली बघून टेकायचं आणि पुन्हा चालायचं. त्या चालण्यात बोलता बोलता नगर आकाराला येतं: जमीनधारक बरोबर 5040, ना एक कमी ना एक जास्त. मधोमध वस्ती, तिथून जमिनीचे बारा भाग. सभेत 360 माणसं, म्हणजे पुन्हा बाराच्या पटीत. घरांची संख्या वाढू नये म्हणून जमीन एकाच वारसाकडे जायची, बाकीचे मुलगे निपुत्रिकांकडे दत्तक. समुद्र 80 स्तादिया दूर, म्हणजे चौदा-पंधरा किलोमीटर, कारण बंदराजवळचा व्यापार माणसांची मनं बिघडवतो असं त्याचं मत. गोव्यातल्या मांडवी आणि जुवारी नद्यांच्या पाण्यावर वाढलेल्या आपल्याला हे पटायचं नाही, मलाही पटत नाही.

पण मला या आकडेमोडीत एक तळमळ दिसते. एवढे भाजक कशाला? तर वाटणी करताना कोणावर अन्याय होऊ नये म्हणून. भूमिती म्हणजे शेवटी भूमीची मापणी. प्रत्येकाला जमिनीचे दोन तुकडे, एक वस्तीजवळ आणि एक हद्दीकडे; ज्याचा जवळचा तुकडा अगदी लगतचा, त्याचा लांबचा अगदी टोकाचा. माती कसदार असेल तर तुकडा लहान, हलकी असेल तर मोठा. आपल्या गावकरीच्या, म्हणजे गावाच्या सामाईक, जमिनी ज्यांनी पाहिल्यात, त्यांना हा विचार परका वाटणार नाही. खाजनातलं, म्हणजे खाडीकाठच्या बांध घातलेल्या सखल जमिनीतलं, एक शेत मानशीजवळचं, म्हणजे पाणी आत-बाहेर सोडणाऱ्या दाराजवळचं, आणि दुसरं बांधाला खारट पाणी लागणारं, ही दोन्ही एकाच मापानं कशी मोजायची?

आमच्या भाटाची, म्हणजे माडांच्या बागेची, वाटणी झाली तेव्हा मी नऊ वर्षांचा होतो. आजोबा आणि त्यांचे धाकटे भाऊ, दोघंच. सुंभाची दोरी आणली, खुंट ठोकले, माड मोजले. एकेका माडाला हात लावून आजोबा आकडा म्हणायचे आणि मी वहीत रेघ ओढायचो. माड दोघांना सारखे आले, जमीनही सारखी आली. दोरी ताणल्यावर ती इतकी सरळ होती की मला अभिमान वाटला. मग धाकट्या आजोबांनी विचारलं, "दादा, बांय खंय गेली?" विहीर सगळीच्या सगळी आमच्या बाजूला आली होती. तीच दोरी आमच्या मुंडकाराच्या, म्हणजे आमच्या जमिनीत घर करून राहणाऱ्या कुटुंबाच्या, अंगणातूनही गेली होती, आणि त्यांना तर कोणी काही विचारलंही नव्हतं. ती माणसं दारात उभी राहून बघत होती.

प्लेटोच्या नगरातही मोजणीबाहेर राहिलेली माणसं होतीच. राबणारे दास त्या 5040 मध्ये नाहीत. हे मी त्याला माफ करू शकत नाही. आपल्याकडेही गावकारांना झोण, म्हणजे गावाच्या सामाईक उत्पन्नातला वाटा, मिळायचं, पण ज्यांचं घर दुसऱ्याच्या भाटात, त्यांना संरक्षण देणारा मुंडकार कायदा यायला 1975 साल उजाडावं लागलं.

पण पाण्याविषयी प्लेटोनं जे लिहिलंय ते मला अनेकदा आठवतं. त्याचा नियम असा: स्वतःच्या जमिनीत चिकणमाती लागेपर्यंत खणा. तरीही पाणी लागलं नाही, तर घरापुरतं पिण्याचं पाणी शेजाऱ्याकडून घ्या, आणि शेजाऱ्यानं ते द्यायलाच हवं. ज्यानं अख्खं नगर बारांच्या हिशेबात बसवलं, त्याला विहिरीपाशी आल्यावर हिशेब थांबवून शेजाऱ्याचं नाव घ्यावं लागलं. मला वाटतं, त्याच्या सगळ्या मांडणीत हेच सर्वांत शहाणपणाचं कलम आहे. अकराच्या अडचणीवरही त्यानं तोडगा काढलाय: दोन घरं वजा करा, 5038 ला अकरानं भाग जातो. गणित बरोबर आहे. पण मी वर्गात हे सांगायचो तेव्हा मागच्या बाकावरची एखादी मुलगी हमखास विचारायची, "सर, ती दोन घरं कुठं गेली?" तिला द्यायला माझ्याकडे उत्तर नसायचं.

आमच्या भाटात त्या दिवशी संध्याकाळपर्यंत कोणी जेवलं नाही. दिवेलागणीला आजोबा एकटेच उठले, विहिरीजवळचा खुंट उपटला आणि दोरी वाकडी करून थेट विहिरीच्या काठावर आणली. अर्धी विहीर इकडे, अर्धी तिकडे. मग मुंडकारांना हाक मारली आणि त्यांच्या अंगणाला वळसा घालून दुसरा खुंट ठोकला. पुढं सर्व्हे झाला तेव्हा मोजणीदारानं विचारलं, रेघ इथं अशी का मोडलीय? आजोबा त्याला विहिरीपाशी घेऊन गेले आणि तांब्याभर पाणी काढून दिलं. एक-चौदाच्या, म्हणजे जमिनीच्या सरकारी नोंदीच्या, उताऱ्याबरोबरचा नकाशा अजून माझ्या कपाटात आहे. त्यात ती रेघ दोन ठिकाणी वाकलेली आहे.