डाव्या बाजूचा जोई

नमस्कार श्रोतेहो.

कबड्डीतल्या कोपरारक्षकाचं नशीब तुम्हाला सांगायला नको. चढाईपटू गुण घेऊन परतला की मैदान डोक्यावर घेतात, आणि कोपऱ्यातल्याच्या हातून घोटा निसटला की त्याचा उद्धार होतो. फुटबॉलमध्ये लेफ्ट-बॅकचं, म्हणजे डाव्या बगलेवर राखण करणाऱ्याचं, साधारण हेच. आज अशाच एका लेफ्ट-बॅकची गोष्ट सांगतो. नाव जोई जोन्स, देश वेल्स.

जन्म 4 मार्च 1955 चा, बँगोरचा. वाढला लँडिड्नोत, उत्तर वेल्सच्या किनाऱ्यावरच्या गावात. (लँडिड्नो हा उच्चार मी माझ्या मराठी जिभेने करतोय, वेल्श मंडळींनी माफ करावं. त्यांच्या भाषेत सुरुवातीला दोन ‘एल’ आले की असा काही घासलेला आवाज निघतो की आपल्या ‘ळ’पुढे अडखळणाऱ्या परक्यांची मला दया येऊ लागते.) उत्तर वेल्सच्या पोरांना मोठा फुटबॉल बघायचा तर शेजारचं लिव्हरपूल जवळ पडतं, राजधानी कार्डिफ लांब. जोईही लिव्हरपूलचाच भक्त झाला. भक्ती किती? क्लबच्या बोधचिन्हावरचा तो लिव्हर पक्षी त्याने हातावर कायमचा गोंदवून घेतला होता.

खेळायला लागला मात्र घराजवळच्या रेक्सम क्लबकडून, जॉन नील या प्रशिक्षकाच्या हाताखाली. हे नाव लक्षात ठेवा, ते परत येणार आहे. 1975 साली लिव्हरपूलचे प्रशिक्षक बॉब पेझली यांनी 1 लाख 10 हजार पौंड मोजून त्याला उचललं. म्हणजे वीस वर्षांचा एक भक्त थेट गाभाऱ्यात जाऊन उभा राहिला.

आता खरं सांगतो. जोई जोन्स हा फार नजाकतीचा खेळाडू नव्हता. त्या लिव्हरपूल संघात केव्हिन कीगन होता, रे केनेडी होता, उजव्या बाजूला फिल नीलसारखा हिशेबी माणूस होता. जोईकडे होती ती धडक. टॅकलला, म्हणजे समोरच्याच्या पायातला चेंडू हिसकावायला, जाताना हा हातचं काही राखत नसे. सामना सुरू होण्याआधी गर्दीकडे बघून मूठ आवळून उंचावायची, ही त्याची खूण. लोकांना त्यात आपलाच माणूस दिसायचा: तिकीट काढून आत आलेला आणि चुकून कुंपणापलीकडे पोचलेला.

आणि मग आला 1977 चा मे महिना. लिव्हरपूलने इंग्लिश लीग जिंकली होती. 21 मे रोजी लंडनच्या वेम्बली मैदानावर एफए कपची, म्हणजे इंग्लंडच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेची, अंतिम फेरी, समोर मँचेस्टर युनायटेड. हरले, 2-1. रडायलाही वेळ नव्हता, कारण चारच दिवसांनी, 25 मे रोजी, रोममध्ये युरोपियन कपची, म्हणजे युरोपातल्या विजेत्या क्लबांच्या स्पर्धेची, अंतिम फेरी होती, जर्मनीच्या बोरुसिया म्योन्शनग्लाडबाखविरुद्ध. लिव्हरपूलचे हजारो पाठीराखे मिळेल त्या वाहनाने तिकडे गेले होते.

त्या गर्दीत एक अवाढव्य फलक होता, लाल-पांढरा. त्यावरची ओळ ऐकवतो, मग उलगडून सांगतो, कारण सगळी गंमत शब्दांच्या कोटीत आहे: ‘जोई एट द फ्रॉग्ज लेग्ज, मेड द स्विस रोल, नाऊ ही’ज मंचिंग ग्लाडबाख.’

उपांत्यपूर्व फेरीत लिव्हरपूलने फ्रान्सच्या सेंत एतिएनला हरवलं होतं. फ्रेंच म्हटलं की इंग्रजांना आधी बेडकाच्या तंगड्या आठवतात. म्हणून जोईने तंगड्या फस्त केल्या. उपांत्य फेरीत स्वित्झर्लंडचं झुरिक, दोन सामने मिळून 6-1. स्विस रोल म्हणजे बेकरीत मिळतो तो गुंडाळलेला केक, आणि ‘रोल’ म्हणजे लोळणंही. आपल्याकडे म्हणतात ना, लोळवलं, अगदी तेच. राहता राहिलं म्योन्शनग्लाडबाख. ‘मंचिंग’ म्हणजे कराकरा चावून खाणं. म्योन्शन, मंचिंग. झाली कोटी!

या फलकावर कीगन नाही, हे मला फार आवडतं. संघातला सगळ्यात मोठा तारा तो, पण फलक रंगवायला बसलेल्यांना सुचला तो लेफ्ट-बॅक. बचावपटूच्या वाट्याला असं कौतुक क्वचितच येतं.

सामना लिव्हरपूलने 3-1 असा जिंकला. गोल मॅकडर्मट, टॉमी स्मिथ आणि पेनल्टीवर फिल नील यांचे. जोई जोन्स युरोपियन कप जिंकणारा पहिला वेल्श खेळाडू ठरला. वय बावीस.

पण महिना संपला नव्हता. 31 मे रोजी हाच पोरगा पुन्हा वेम्बलीवर, या वेळी वेल्सच्या लाल जर्सीत, इंग्लंडविरुद्ध. सामन्याआधी वेल्सचं राष्ट्रगीत वाजवायला यजमानांनी नकार दिला होता. इंग्लंडचं गीत संपलं, इंग्लिश खेळाडू पांगले, आणि वेल्सचे अकरा जण रांगेत तसेच उभे राहिले. कोणी हललंच नाही. मग लेटन जेम्सने पेनल्टीवर एकमेव गोल केला. वेम्बलीच्या मैदानात वेल्सने इंग्लंडला हरवलं ते तेवढंच.

त्याच वर्षी ऑक्टोबरात नियतीने उट्टं काढलं. विश्वचषकाच्या पात्रता फेरीत वेल्सचा ‘घरचा’ सामना स्कॉटलंडशी होता, आणि तो वेल्सला खेळावा लागला अ‍ॅनफिल्डवर, म्हणजे जोईच्या क्लबच्या मैदानात. चेंडूला हात लागला, पंचांनी वेल्सला दोषी धरून स्कॉटलंडला पेनल्टी दिली. तो हात स्कॉटलंडच्या जो जॉर्डनचा होता असं वेल्सचे लोक अजून पोटतिडकीने सांगतात. चित्रफीत बघा, मलाही तसंच वाटतं. वेल्स 2-0 हरलं, विश्वचषक गेला.

लिव्हरपूलमध्येही त्याची जागा डळमळू लागली. शंभर सामने झाले, तीन गोल झाले, आणि ऑक्टोबर 1978 मध्ये तो रेक्समला परतला. रेक्समने त्याच्यासाठी 2 लाख 10 हजार पौंड दिले, म्हणजे विकला तेव्हा मिळाले होते त्याच्या जवळजवळ दुप्पट! क्लबचा हा खरेदीचा विक्रम पुढे 2022 पर्यंत कोणी मोडला नाही. तेव्हा क्लबचे मालक हॉलिवूडचे नट झाले होते, यावरून काय ते समजा.

1982 साली रेक्समची तिजोरी रिकामी झाली आणि जॉन नील परत कथेत आले. ते आता चेल्सीचे प्रशिक्षक होते, दुसऱ्या श्रेणीत गटांगळ्या खाणाऱ्या चेल्सीचे. त्यांनी जोईला लंडनला बोलावलं. चेल्सीच्या लोकांना हा लिव्हरपूलवाला नकोच होता, त्यात पहिल्याच सामन्यात पठ्ठ्याला पंचांनी मैदानाबाहेर काढलं! तरी हंगाम संपताना त्याच लोकांनी त्याला वर्षातला सर्वोत्तम खेळाडू निवडलं. पुढच्या हंगामात संघ दुसऱ्या श्रेणीत अव्वल येऊन वर गेला.

इथला एक किस्सा मात्र सांगायलाच हवा. जोईचा जिवलग दोस्त मिकी थॉमस, तोही उत्तर वेल्सचाच, 1984 च्या जानेवारीत चेल्सीत आला. दोघांनाही लंडनला बिऱ्हाड करायचं नव्हतं. मग काय, रेक्समजवळून लंडनला गाडीने ये-जा. एका बाजूने जवळजवळ 300 किलोमीटर, म्हणजे मुंबई-पुण्याच्या दुप्पट, आणि तेही सरावासाठी. उशीर होईल असं वाटलं की आदल्या रात्री थेट चेल्सीच्या मैदानावर, स्टॅमफर्ड ब्रिजवरच मुक्काम, पंचांच्या खोलीत. आजच्या चेल्सीच्या खेळाडूला हे सांगून बघा.

मग हडर्सफील्ड हा क्लब. वेल्ससाठी एकूण 72 सामने, त्या वेळचा देशाचा विक्रम. एकाही विश्वचषकात खेळायला मिळालं नाही, तरी बोलावणं आलं की हा हजर.

1987 मध्ये तो तिसऱ्यांदा रेक्समला आला आणि मग गेलाच नाही. 1992 पर्यंत खेळला, नंतर तिथेच प्रशिक्षक झाला, पोरांना शिकवत राहिला. मोठे क्लब पाहिलेला माणूस, पण वस्तीला इथेच, रेक्समच्या रेसकोर्स मैदानाच्या आसपास.

22 जुलै 2025 रोजी जोई जोन्स गेला. वय 70. त्याच वसंतात रेक्समने लागोपाठ तिसऱ्या वर्षी वरच्या श्रेणीत झेप घेतली होती, ती त्याने पाहिली. बातमी आल्यावर लिव्हरपूलमध्ये आणि रेक्सममध्ये, दोन्हीकडे, लोकांना पहिल्यांदा आठवली ती बेडकाच्या तंगड्यांची ओळ.

नमस्कार.