खाजणातल्या दगडांचं गाणं

मंडळी, आज इथं साथीला तबला असता, तर एव्हाना हातोडीची ठकठक तुमच्या कानांवर आली असती. जुलै महिना, दादर, बाहेर संततधार. चामडं ओल धरतं, पुडी सैल पडते, सूर उतरतो. मग वाद्यांखालचे लाकडी गट्टे सारा, पुडीच्या कडेच्या वेणीवर, म्हणजे गजऱ्यावर, ठोके घाला. मुंबईतल्या प्रत्येक तबलजीला हे पाठ असतं.

माझ्या कादंबरीतला देश वर्षातले आठ महिने पावसात भिजतो. आणि तिथं मी ढोल घुमवले होते! खर्डा वाचून तबला वाजवणाऱ्या एका मित्रानं विचारलं, ‘‘यांचा ढोल बोलतो कसा? हलगीवाले निदान जाळावर शेकून घेतात. तुझ्या गावात कोरडं लाकूड तरी आहे का?’’ मला उत्तर देता आलं नाही. संगीतावरची सगळी पानं मी त्या रात्री काढून टाकली.

त्या पानांत एक तक्ता होता. सोळा मूळ स्वरमाला, त्यांच्या शाखा, प्रत्येकीची देवता. मेहनत खूप होती, गाणं मात्र एकही नव्हतं. याच मुंबईत, वाळकेश्वरला, १८६० साली जन्मलेल्या पंडित भातखंडे यांनी ठिकठिकाणी फिरून उस्तादांकडून बंदिशी मिळवल्या आणि राग १० थाटांत, म्हणजे मूळ स्वरगटांत, बसवले. त्यांच्या हाती पिढ्यान्‌पिढ्या गायलेलं गाणं आधी होतं, वर्गवारी नंतर आली. तरीही अमुक राग अमुक थाटात कसा, यावर वाद होतातच. मी नेमका उलट्या वाटेनं निघालो होतो.

म्हणून दुसऱ्यांदा चिखलापासून सुरुवात केली. आपल्या खाड्यांमध्ये ओहोटीला तिसऱ्या, कालवं असे शिंपले काढायला बायका उतरतात, तशा माझ्या देशातही उतरतात. घोटाभर चिखल, चहूकडे तिवरं आणि दाट धुकं. अशा चिखलात पाय टाकणं सोपं, उपसणं अवघड. त्यामुळे त्यांच्या गाण्यात सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, पाय टाकताना येत नाही, पाय सुटतो तेव्हा येते. आणि दर खेपेला ती जराशी उशिरा येते, कारण चिखल दर खेपेला सारखा धरत नाही. जात्यावरच्या ओवीची लय जात्याच्या फेऱ्यानं ठरते, दोघी समोरासमोर बसून खुंटा ओढतात तेव्हा तर दोघींचा श्वासही त्यात येतो. हे उदाहरण माझ्या आजीच्या घरात होतं, आणि मी देवतांचे तक्ते आखत बसलो होतो.

गाण्याची वेळही पाण्यानं ठरली. आपल्याकडे भैरव राग पहाटेचा, मारवा संध्याकाळचा. पण भरती-ओहोटी रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते. पहाटे पाचची ओहोटी आठवड्यानं सकाळी अकराच्या आसपास गाठावी लागते. तेव्हा खाजणातल्या, म्हणजे भरतीच्या पाण्याखाली जाणाऱ्या त्या चिखलाच्या जमिनीतल्या, गाण्याला प्रहर असूच शकत नाही. अमावास्या-पौर्णिमेला उधाण असतं, ओहोटीला पाणी फार लांब हटतं, त्या दिवशी गाणं लांबतं. अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे कमी जोराची भरती-ओहोटी, असतो, चिखल थोडाच उघडा पडतो, मग चार ओळींतच आटपायचं.

आता वाद्य. चामडं गेलं, तार गंजते, उरला दगड. दगडात सूर असतो हे हंपीच्या विठ्ठल मंदिरातल्या खांबांमुळे आपल्याला ठाऊक आहे. खाजणाच्या बांधावर लाद्यांची रांग मांडलेली, म्हाताऱ्या त्या वाजवतात. धुक्यात तो आवाज म्हणजे वाट. सगळ्यांत खर्जातली लादी वाजली की पाणी फिरलं. ओळ अर्धी असली तरी सोडून परत यायचं.

लादी आखूड केली की सूर चढतो, मधोमध घासली की उतरतो. पण तंबोऱ्याच्या खुंटीसारखी ती रोज मागेपुढे करता येत नाही. त्यामुळे प्रत्येक गावाचे सूर वेगळे, आणि ते सगळ्या पिढ्यांना बांधून ठेवणारे.

लग्न होऊन जाणारी मुलगी माहेरची एक लादी बरोबर नेते, हे मला लिहिता लिहिता सुचलं आणि तिथं मी थांबलोच. सासरच्या रांगेत ती लादी कशातच बसत नाही. आपल्याकडे विवादी, म्हणजे रागात न बसणारा, सूर जाणता गवई क्षणभर लावतो आणि राग उजळतो. तिथं प्रत्येक सुनेला स्वतःचा विवादी असतो. गाण्यात एकदाच, ती सांगेल तिथं तो वाजतो. गावातल्या जुन्या गाण्यांत असे कितीतरी सूर आहेत, आणि कोणता कोणत्या आजीचा हे लहान पोरींनाही सांगता येतं.

तिकडे माहेरच्या रांगेत मात्र खाच पडलेली असते. ती बुजवत नाहीत. त्या सुराच्या जागी पोरी मांडीवर थाप मारतात.

ती बाई वारली की होडीतून तिची लादी माहेरी परत येते. चाळीस-पन्नास वर्षं वाजून मधोमध झिजलेली, म्हणून किंचित उतरलेली. खाचेत ती नीट बसते, पण सूर आता शेजारच्या लादीशी जुळत नाही. तिला ओळखणारं तिथं कुणी उरलेलं नसतं. बांधावरची म्हातारी ती दोनतीनदा वाजवून पाहते आणि पोरींना गाणं पहिल्या ओळीपासून, नव्या सुरानं शिकवायला घेते.