निकोलासची पोथी : इ. स. 835

मित्रहो, बायबलच्या जुन्या ग्रीक हस्तलिखितांचा विषय निघाला की काही नावं ठरलेली असतात. सायनायटिकस, व्हॅटिकॅनस, अलेक्झांड्रिनस. चौथ्या-पाचव्या शतकातले हे भलेथोरले ग्रंथ आहेत आणि त्यांना मिळणारा मान योग्यच आहे. आज मी बोलणार आहे ते त्यांच्याहून चार-पाचशे वर्षांनी धाकट्या, एका हातात मावेल अशा पोथीबद्दल. नव्या कराराच्या ग्रीक हस्तलिखितांच्या आंतरराष्ट्रीय यादीत तिचा क्रमांक 461. मत्तय, मार्क, लूक आणि योहान ही चारही शुभवर्तमानं तिच्यात आहेत. जेरुसलेमजवळच्या मार साबा मठात ती होती. एकोणिसाव्या शतकात पोर्फिरी उस्पेन्स्की या रशियन धर्मगुरूने ती आपल्या देशात नेली आणि आज ती सेंट पीटर्सबर्गच्या राष्ट्रीय ग्रंथालयात आहे. अभ्यासक तिला ‘उस्पेन्स्की शुभवर्तमानं’ म्हणतात.

येशूच्या वचनांचा सर्वांत जुना पाठ शोधणाऱ्याला या पोथीत फारसं काही नवं सापडत नाही. बायझंटाइन म्हणजे पूर्व रोमन साम्राज्यात सगळीकडे चालणारा रुळलेला पाठ, तोच इथे आहे. त्यामुळे पाठचिकित्सेच्या ग्रंथांत ती शेकडो इतर पोथ्यांच्या गर्दीत हरवून जाते. मला हे फार खटकतं. कारण ग्रीक भाषेतलं जे काही आज आपल्या हातात आहे, त्यातलं बहुतेक सगळं ज्या वाटेने आलं, त्या वाटेवरचा तारीख कोरलेला पहिला दगड म्हणजे ही पोथी.

तारीख तिच्या शेवटी पुष्पिकेत आहे. लेखनिक सांगतो की देवकृपेने हा पवित्र ग्रंथ 7 मे रोजी, तेराव्या इंडिक्शनमध्ये, जगाच्या 6343व्या वर्षी पूर्ण झाला. पुढे तो विनवतो, की वाचणाऱ्यांनी माझी, पापी निकोलास संन्याशाची, आठवण ठेवावी, म्हणजे न्यायाच्या दिवशी माझ्यावर दया होईल.

हा हिशोब जरा सोडवून पाहू. बायझंटाइन लोक जगाच्या उत्पत्तीपासून वर्षं मोजत आणि त्यांचं वर्ष 1 सप्टेंबरला सुरू होई. मे महिन्यासाठी 6343मधून 5508 वजा करायचे, उरतात 835. इंडिक्शन म्हणजे करआकारणीचं पंधरा वर्षांचं चक्र. 835मध्ये 3 मिळवा आणि 15ने भागा, बाकी 13 येते. दोन वेगळ्या मोजण्या एकाच वर्षावर येऊन मिळतात. मध्ययुगीन पोथीचा काळ ठरवताना बहुधा अक्षराच्या वळणावरून अंदाज बांधावा लागतो. इथे लिहिणाऱ्यानेच दिवस सांगून ठेवला आहे.

आता अक्षर पाहा. जुने ग्रंथ मोठ्या, सुट्या, एकेक करून मांडलेल्या अक्षरांत लिहिलेले असत. देखणी लिपी, पण सावकाश लिहावी लागणारी आणि चर्मपत्र खाणारी. निकोलासची अक्षरं लहान आहेत. काहींचे दांडे ओळीच्या वर जातात, काहींचे खाली उतरतात, आणि लेखणी न उचलता दोन-तीन अक्षरं एकमेकांत गुंफली जातात. देव, येशू यांसारखे पवित्र शब्द संक्षेपाने लिहून वर आडवी रेघ दिली आहे, ती मात्र जुनीच रीत. या वळणाला मिनस्क्यूल म्हणतात. शाळेत कोन दाखवायला आपण जे अल्फा, बीटा, थीटा काढतो, ती अक्षरं याच कुळातली. तारखेसह लिहिलेली याहून जुनी मिनस्क्यूल पोथी आपल्याकडे नाही. शिवाय निकोलासचा हात कुठे अडखळत नाही. म्हणजे ही लिपी त्याच्या आधी काही दशकं तरी मुरलेली असली पाहिजे.

ती आली कचेऱ्यांतल्या घसटत्या अक्षरातून. आपल्याकडे मोडी दफ्तरात राहिली आणि धर्मग्रंथांच्या पोथ्या मुख्यतः बाळबोधीत लिहिल्या गेल्या. तिकडे दफ्तरातलं वळण घासूनपुसून थेट शुभवर्तमानात आलं. हे धाडस कुणी केलं असेल? सगळ्यांची बोटं राजधानी कॉन्स्टँटिनोपलच्या स्टुडिओस मठाकडे वळतात, आणि ही पोथी त्याच मंडळींची. मठाच्या थोर पुढाऱ्यांच्या, थिओडोर आणि त्याचा मामा प्लेटो यांच्या, मृत्यूच्या नोंदी तिच्यात आहेत. थिओडोरने लेखनिकांसाठी शिक्षाच ठरवून दिल्या होत्या. रागाच्या भरात लेखणी मोडली तर तीस दंडवत. खळ गरजेपेक्षा जास्त करून वाया घालवली तर पन्नास. मूळ प्रत न पाहता आठवणीतून लिहिलं तर शिक्षा आणखी कडक. ज्याला ‘देवाचं वचन तर मला पाठ आहे’ असं वाटतं, त्याच्याच हातून पाठ बिघडतो, हे त्या माणसाला पक्कं ठाऊक होतं.

आणि काळ काय होता! 815पासून साम्राज्यात पुन्हा मूर्तिभंजकांचं, म्हणजे येशू-संतांच्या चित्रांची पूजा बंद पाडणाऱ्यांचं, राज्य होतं. मूर्तींच्या बाजूने उभा राहिल्याबद्दल थिओडोरला फटके आणि हद्दपारी भोगावी लागली. 826 साली तो वारला तेव्हाही तो आपल्या मठाबाहेरच होता. मूर्तिपूजा पुन्हा सुरू झाली ती 843मध्ये. म्हणजे आपली पोथी लिहिली गेली ती छळाच्या ऐन मध्यात, बादशहा थिओफिलोसच्या राजवटीत. बहुतेक अभ्यासक ज्या निकोलासला तिचा लेखनिक मानतात, त्याने गुरूबरोबर तुरुंगवास काढला होता. पुढे तो या मठाचा प्रमुख झाला. त्याच्या चरित्रात लिहिलं आहे, की जुन्या करारातला असाएल जसा पायांनी चपळ, तसा हा हाताने. लेखनिकाच्या वेगाचं कौतुक चरित्रकाराला नोंदवावंसं वाटलं, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

वेग वाढला, जागा वाचली, आणि पुढच्या दीडशे वर्षांत जुने ग्रीक ग्रंथ एकामागून एक नव्या लिपीत उतरवले गेले. फक्त धर्मग्रंथ नव्हेत. ऑक्सफर्डला युक्लिडची 888 सालची प्रत आहे आणि प्लेटोची (प्राचीन तत्त्ववेत्ता, थिओडोरचा मामा नव्हे) 895ची. दोन्ही पाट्रासच्या आरेथासने करवून घेतल्या, जो पुढे आर्चबिशप झाला. प्लेटोच्या प्रतीत खर्चही टिपला आहे : लिहिणाऱ्या योहानला 13 सोन्याची नाणी आणि चर्मपत्राला 8. आजच्या छापील प्लेटोचा पाठ ठरवताना ही प्रत आधारभूत धरली जाते.

ज्या ग्रंथांना त्या काळात कुणी लेखनिक मिळाला नाही, त्यांतले बरेच कायमचे गेले. जुन्या मोठ्या अक्षरांतल्या पोथ्या वाचणारे कमी झाले. काहींची शाई खरवडून त्याच चर्मपत्रावर दुसरं काही लिहिलं गेलं. बायबलसुद्धा त्यातून सुटलं नाही. पाचव्या शतकातलं एक बायबल बाराव्या शतकात असंच पुसलं गेलं आणि त्यावर संत एफ्रेमची प्रवचनं लिहिली गेली. पॅरिसमध्ये ते ठेवलेलं आहे. टिशेनडॉर्फ या जर्मन अभ्यासकाने 1840च्या दशकात खालची पुसट अक्षरं लावली, म्हणून तो पाठ आपल्याला कळला.