वारो खयसून येता?

नमस्कार मंडळी. आज बोलायचंय एका कम्प्युटर गेमबद्दल. थांबा, रेडिओ बंद करू नका. आपलं आरमार आहे त्यात.

गेमचं नाव 'एम्पायर: टोटल वॉर', २००९ सालचा. खेळ सुरू होतो १७०० साली, म्हणजे राजाराम महाराज गेले आणि ताराबाईंनी कारभार हाती घेतला, ते साल. मराठे घेऊन खेळता येतं. या गेमवर एका चाहत्याने 'डार्थमॉड' नावाचा मॉड केला. मॉड म्हणजे काय? तयार गेममध्ये केलेले फेरफार. विकतचा मसाला आणायचा आणि त्यात घरची मिरची भाजून घालायची. डार्थमॉडची मिरची भलतीच तिखट. शत्रूच्या पलटणी मोठ्या, तो अंगावर चालून येणार, आणि तुमची एक चूक झाली की खेळ खलास. तेव्हा लक्षात ठेवा, गेम कंपनीचा, मॉड चाहत्याचा. (मसाल्यावरून आठवलं, बांगड्याच्या तिखल्यात तिरफळं घालत नाहीत त्या घरी मी दुसऱ्यांदा जेवायला जात नाही. असो.)

तर गेल्या जुलैतली गोष्ट. माझा भाचा मालवणला आलेला. बाहेर धो धो पाऊस, आणि ३१ जुलैपर्यंत मासेमारी बंद, त्यामुळे आमचे बाबाही घरीच. बाबा चाळीस वर्षं तांडेल, म्हणजे होडीचे म्होरके, होते. पडवीत बसून जाळं सांधत होते, आणि पोरगा लॅपटॉपवर हाच डार्थमॉड लावून इंग्रजांशी लढत होता. लढत कसला, बुडत होता! तीन संध्याकाळी, तीनदा अख्खं आरमार तळाला.

चौथ्या दिवशी बाबा सुई हातात घेऊनच त्याच्या मागे येऊन उभे राहिले. जहाजं जागच्या जागी रखडलेली. बाबा म्हणाले, "मेल्या, वारो खयसून येता ता बघलंस काय?"

"आजो, हा गेम आहे."

"मगे गेमात वारो नाय?"

होता की! या गेममध्ये वारा असतो, आणि जहाज वाऱ्याच्या तोंडावर घातलं की ते रखडतं. पोराने जहाजं लांबून वळसा घालून आणली, वारा पाठीशी घेतला. तर थेट इंग्रजांच्या कुशीला भिडायला निघाला. बाबा ओरडले, "कुशीक नको! तोफा थय हत. फाटसून जा!"

मंडळी, मराठ्यांचे सरखेल कान्होजी आंग्रे, त्यांची गुराबं, म्हणजे मोठी लढाऊ जहाजं, हेच करायची. तोफा नाळेवर, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकावर, वारा पडला तर वल्ह्यांची गलबतं त्यांना ओढत न्यायची, आणि शत्रूच्या पिछाडीवर मारा. १७२१ साली अलिबागच्या कुलाबा किल्ल्यावर इंग्रज आणि पोर्तुगीज एकत्र चालून आले आणि हात हलवत परत गेले, ते याच कान्होजींकडून. बाबांनी यातलं काही वाचलेलं नाही. शाळा चौथीपर्यंत.

एक जहाज पेटलं. दुसऱ्याची डोलकाठी मोडली. तिसरं पळायला लागलं. पोरगा खुर्चीवर उभा, बाबांच्या हातातली सुई खाली पडलेली.

आणि लाईट गेली. लॅपटॉपची बॅटरी केव्हाच मेलेली, तो वायरवरच चालायचा. खेळ सेव्ह केलेला नव्हता.

काळोखात दोन मिनिटं नुसता पाऊस ऐकू येत होता. मग बाबांचा आवाज आला, "मेणबत्ती लाव. आणि ये हय, जाळा धर."