कोजागिरी आणि राउंडहेचा रस्ता

नमस्कार मंडळी! दूध आटेपर्यंत मला बोलायला दिलंत, थँक्यू. आज कोजागिरी, म्हणून आपल्याच लीड्सच्या एका चित्रकाराबद्दल बोलते, जॉन अ‍ॅटकिन्सन ग्रिमशॉ, चांदणं रंगवावं तर यानेच.

जन्म १८३६ चा, इथलाच. रेल्वेत क्लार्क होता, आईवडील कट्टर बाप्टिस्ट, त्यांना पोराचं हे चित्रांचं वेड अजिबात पसंत नव्हतं, आर्ट स्कूलचं शिक्षण नाही, घरी बायको आणि तरी १८६१ मध्ये ह्याने पक्की नोकरी सोडली. मला ह्या माणसाबद्दल फार आदर वाटतो.

आता स्क्रीनवरचं चित्र बघा. १८७२ सालचं आहे, राउंडहे पार्कच्या भिंतीवर पडलेल्या झाडांच्या सावल्या, चित्राचं नावही तेच. पानं गळून गेलेली झाडं, चंद्राचा उजेड आणि फांद्यांच्या सावल्यांची ती जाळी. सगळे चंद्राचं कौतुक करतात पण मला त्यातला रस्ता महत्त्वाचा वाटतो, कारण तो इतका सामसूम का आहे ह्याला एक कारण आहे.

झालं असं की १८७१ मध्ये राउंडहेची ही इस्टेट, म्हणजे आजच्या पार्कची जमीन, लिलावात निघाली. मेयर जॉन बॅरन ह्यांना ती गावासाठी हवी होती, पण कायद्याने कौन्सिलला एवढा पैसा खर्च करता येत नव्हता, मग त्यांनी आणि काही साथीदारांनी स्वतःच्या जबाबदारीवर १,३९,००० पौंडांना ती घेतली आणि नंतर पार्लमेंटकडून परवानगी मिळवून कौन्सिलला दिली. १८७२ मध्ये प्रिन्स आर्थरच्या हस्ते पार्क खुलं झालं, आणि लोक चिडले! गावापासून तीन मैल लांब, जायला धड सोय नाही, गिरणीत दिवसभर राबणारा माणूस तिथे जाणार कधी? इलेक्ट्रिक ट्राम आली ती थेट १८९१ मध्ये. म्हणजे ग्रिमशॉने रंगवला तो गावाच्या कडेचा, अजून शहराच्या हाती न लागलेला रस्ता. तीन मैलांवर गिरण्यांचा धूर आणि इथे चांदणं! हे कळल्यावर ते चित्र मला नुसतं सुंदर वाटत नाही, त्या काळाची नोंद वाटते.

काही जण म्हणतात की ग्रिमशॉने तीच ती गल्ली, तोच चंद्र परत परत काढला. काढला, खरंय. घर चालवायचं होतं, आणि ह्या चित्रांना गिऱ्हाईक होतं. पण ओल्या रस्त्यावरच्या गाडीच्या चाकोऱ्या, त्यात चमकणारं पाणी, आकाशाचा तो हिरवट पिवळा रंग हे नीट बघा, असं काम पाट्या टाकून होत नाही हो.

तो स्वतः लीड्सच्याच नॉस्ट्रॉप भागात एका जुन्या हवेलीत भाड्याने राहायचा, ती विसाव्या शतकात पाडली, आता त्या भागात सांडपाण्याचा मोठा प्लांट आहे. लीड्सला सिटीचा दर्जा मिळाला १८९३ मध्ये आणि ग्रिमशॉ गेला तोही त्याच वर्षी.

हे चित्र लीड्स आर्ट गॅलरीच्या संग्रहात आहे, हेडरो ह्या रस्त्यावर, एंट्री फ्री. चित्रं आलटून पालटून लावतात, त्यामुळे आधी फोन करून विचारा. ज्यांना पोरांना घेऊन यायचंय त्यांनी आज जाताना माझ्याकडे नावं द्या, एखाद्या शनिवारी सकाळी गॅलरी करू आणि मग बसने राउंडहेला जाऊन पार्कच्या भिंतीकडेने चक्कर मारू.