कोरला पंडित : पडद्यावरचा अबोल वादक

१९४९. लॉस एंजेलिसच्या केटीएलए वाहिनीवर एक देखणा तरुण दिसू लागला. डोक्यावर फेटा, फेट्याच्या मधोमध चमकणारं रत्न, नजर थेट कॅमेऱ्यात. एक हात हॅमंड ऑर्गन या विजेवर चालणाऱ्या पट्ट्यांच्या वाद्यावर, दुसरा पियानोवर. त्याच ऑर्गनमधून मध्येच ढोलासारखा ठेकाही निघायचा. कार्यक्रम पंधरा मिनिटांचा; पण वादकाच्या तोंडून एक शब्द नाही. बोलायचं ते निवेदकानं.

नाव कोरला पंडित. जन्म दिल्लीचा, वडील ब्राह्मण, आई फ्रेंच गायिका, अशी त्यांची ओळख करून दिली जायची.

खरं नाव जॉन रोलंड रेड. जन्म १९२१, सेंट लुइस, मिसूरी. वडील कृष्णवर्णीय बाप्टिस्ट चर्चमध्ये धर्मोपदेशक.

हे सोंग का घ्यावं लागलं, ते समजून घ्यायला हवं. लॉस एंजेलिसमध्ये तेव्हा वादकांच्या संघटनाही गोऱ्या-काळ्यांच्या वेगवेगळ्या होत्या, आणि चांगली कामं गोऱ्यांच्या संघटनेकडे जात. म्हणून जॉन आधी मेक्सिकन नाव घेऊन 'व्हान रोलांदो' झाले. १९४४ मध्ये त्यांनी डिस्नेत काम करणाऱ्या बेरिल या गोऱ्या चित्रकर्तीशी संसार मांडला. कॅलिफोर्नियात १९४८ पर्यंत असा विवाह कायद्याला मान्यच नव्हता. पुढे 'कोरला पंडित' हे रूप दोघांनी मिळून घडवलं.

ते खपलंही. १९४६ च्या कायद्यानं भारतातून वर्षाला जेमतेम १०० जणांना अमेरिकेत स्थायिक होता येत होतं. दिल्लीचा ब्राह्मण असा फेटा बांधतो का, हे विचारणार कोण?

केटीएलएवर त्यांचे सुमारे ९०० भाग झाले. १९५१ च्या सुमारास लुइस स्नेडर या निर्मात्यासाठी केलेल्या चित्रफितींनी ते इतर शहरांतही पोहोचले. मात्र करारावरून बिनसलं, आणि ती जागा लिबराची या पियानोवादकाकडे गेली.

नॅट किंग कोल यांच्यासारख्या लाडक्या कृष्णवर्णीय गायकाच्या कार्यक्रमालाही १९५६-५७ मध्ये देशव्यापी प्रायोजक मिळाला नाही. ते पाहिलं की जॉन रेड या नावानं हे वाजवणं कितपत जमलं असतं, याचा अंदाज येतो. मला त्यांच्या सोंगापेक्षा त्यांचे हात जास्त लक्षात राहतात. दोन वाद्यं एकाच वेळी सांभाळणारी ती तयारी अस्सल होती, आणि ती कुणाकडून उसनी घेतलेली नव्हती.

रक्ताच्या नात्यातल्या माणसांना मात्र लपूनछपून भेटावं लागे. ऑक्टोबर १९९८ मध्ये कॅलिफोर्नियात त्यांचं निधन झालं, तेही कोरला पंडित म्हणूनच. २००१ मध्ये पत्रकार आर. जे. स्मिथ यांनी 'लॉस एंजेलिस' मासिकात लेख लिहिला, तेव्हा कुठे जॉन रोलंड रेड हे नाव लोकांसमोर आलं.