दांगदुत: लग्नाच्या स्टेजवरून यूट्यूबवर

आधी नुसतं ऐका. दांग... दुत. दांग... दुत. हा कंदांगचा आवाज, कंदांग म्हणजे इंडोनेशियातला हातानं वाजवायचा ढोल, आणि ऐकताना तबल्याचा ठेका आठवला असेल तर बरोबर आठवला. ह्या आवाजावरूनच इंडोनेशियातल्या ह्या संगीताला दांगदुत नाव पडलं. १९५० च्या दशकात तिकडं हिंदी सिनेमे धो धो चालायचे, त्यातल्या चाली मलय ऑर्केस्ट्रांनी उचलल्या, पुढं ७० च्या दशकात र्‍होमा इरामा ह्या गायकानं त्यात रॉकची गिटार घातली आणि तो दांगदुतचा राजाच झाला.

पण खरी मजा पूर्व जावाच्या लग्नांत आहे बघा. दारात स्टेज, भिंतीएवढे स्पीकर, गायिका गातीय आणि पाहुणे स्टेजवर चढून तिच्या हातात एकेक नोट देतायत, एकदम नाही, एकेक, म्हणजे तेवढा वेळ तिच्यासमोर नाचता येतं. ह्याला सावेरान म्हणतात. आणि ह्या सगळ्या गर्दीत एक शूटिंगवाला.

त्या शूटिंगच्या व्हीसीडी निघायच्या, कॉपीवर कॉपी, फुटपाथवर स्वस्तात विकल्या जायच्या. पासुरुआनची गायिका इनुल दारातिस्ता अशा पायरेटेड व्हीसीडींवरूनच देशभर गाजली. ड्रिल मशीन फिरावं तशी कंबर फिरवायची, म्हणून नाचाचं नावच पडलं न्गेबोर, म्हणजे ड्रिल मारणं. २००३ मध्ये ती टीव्हीवर झळकली आणि वाद पेटला, धर्मगुरू चिडले, खुद्द र्‍होमा इरामा विरोधात उभा राहिला. मला विचाराल तर राग नुसत्या कंबरेचा नव्हता, गावातल्या स्टेजवरची बाई कुणालाही न विचारता थेट जकार्ताच्या टीव्हीवर पोचली, हे जास्त झोंबलं.

आता व्हीसीडी गेली, यूट्यूब आलं, पण स्टेज तेच आणि कॅमेराही तिथंच. सिदोआर्जोची विया वालेन ह्याच स्टेजवर गात मोठी झाली, तिचे व्हिडिओ फोनाफोनावर फिरले, आणि २०१८ च्या एशियाडच्या उद्घाटनाला जकार्तात तीच गायली.

लग्नाच्या स्टेजवरच्या ह्या वेगवान दांगदुतला कोप्लो म्हणतात, नशेच्या गोळीवरून पडलेलं नाव. असा व्हिडिओ लागला की गायिकेच्या मागं बघा. कंदांगवाला मांडी ठोकून बसलेला असतो, हात दिसत नाहीत इतके जोरात चालतात, मधेच सगळे ओरडतात, होक आ होक ए, आणि तिथून ठेका दुप्पट होतो.